इझार्ड, सूझी एडी

(७ फेब्रुवारी १९६२ – ). अतिवास्तव ढंगाच्या विनोदासाठी प्रसिद्ध असलेल्या ब्रिटिश स्टँड-अप कलावंत. कारकिर्दीचा बहुतेक काळ त्या एडी इझार्ड या नावाने ओळखल्या गेल्या. २०२० पासून त्यांनी स्वतःसाठी स्त्रीलिंगी उल्लेख स्वीकारला आणि २०२३ मध्ये सूझी हे नाव जोडले, म्हणून या नोंदीत सर्वत्र तोच उल्लेख ठेवला आहे.

त्यांचा जन्म तेव्हा ब्रिटिश अंमलाखाली असलेल्या (आता येमेनमधील) एडन येथे झाला. वडील ब्रिटिश पेट्रोलियम कंपनीत हिशेबनीस होते, तर आई परिचारिका होती. पुढे हे कुटुंब उत्तर आयर्लंडमधील बँगर आणि नंतर वेल्समधील स्क्यूएन येथे राहिले. १९६८ मध्ये आई कर्करोगाने वारली, तेव्हा त्या सहा वर्षांच्या होत्या. त्यानंतरचे बालपण निवासी शाळांत गेले. शेफील्ड विद्यापीठात त्यांनी हिशेबशास्त्राला प्रवेश घेतला, पण नाटुकल्यांच्या नादात तो अभ्यास अर्धवटच राहिला.

१९८० च्या दशकात लंडनच्या कॉव्हेंट गार्डन चौकात त्या रस्त्यावरचे खेळ करीत. एकचाकी सायकल, लुटुपुटूची तलवारबाजी, साखळदंडातून सुटून दाखवणे असा तो मामला होता. रस्त्यावरचा प्रेक्षक तिकीट काढून बसलेला नसतो, कंटाळला की तो सरळ चालू लागतो. त्याला निव्वळ बडबडीने थोपवून धरण्याची जी सवय तेथे लागली, तीच पुढे रंगमंचावर कामी आली. १९८७ मध्ये त्या लंडनच्या ‘कॉमेडी स्टोअर’मध्ये प्रथम उभ्या राहिल्या. १९९१ मध्ये एड्सग्रस्तांच्या मदतीसाठी झालेल्या एका कार्यक्रमात, आपण लांडग्यांमध्ये वाढलो अशी बतावणी करणारा त्यांचा प्रवेश गाजला आणि नाव सर्वतोमुखी झाले. याच सुमारास दूरचित्रवाणीवर स्टँड-अप करायचे नाही, असे त्यांनी ठरवले. त्याऐवजी नाट्यगृहात प्रयोग करायचे आणि त्यांच्या ध्वनिचित्रफिती विकायच्या, हा मार्ग त्यांनी धरला.

इझार्ड यांच्या विनोदाला अतिवास्तव म्हणण्याची रीत आहे आणि त्यावर ‘मॉन्टी पायथन’ या ब्रिटिश विनोदी नटमंडळींची छाया असल्याचे त्या स्वतःही सांगतात. मात्र ही अतिवास्तवता नुसत्या चमत्कृतीतून येत नाही. अचाट कल्पना एकदा मान्य केली की पुढचा सगळा तपशील एखाद्या काटेकोर कारकुनाच्या शिस्तीने लावायचा, ही त्यामागची खरी युक्ती आहे. हिशेबशास्त्र अगदीच वाया गेले नाही, असे म्हणावेसे वाटते. ‘स्टार वॉर्स’ चित्रपटांतल्या डेथ स्टार या अजस्र अवकाशस्थानकावर हजारो लोक राहतात, तेव्हा तेथे कँटीन असणारच, असा त्यांचा एक प्रसिद्ध प्रवेश आहे. तेथे खुद्द डार्थ व्हेडर पास्ता मागायला येतो, वाढपी त्याला न ओळखता आधी ट्रे घ्यायला पाठवतो, आणि विश्वाला धाक घालणारा तो खलनायक सगळे ट्रे ओलेच आहेत म्हणून कुरकुरत बसतो.

याच तर्काने त्या इतिहासालाही हाताळतात. ‘ड्रेस टू किल’ या प्रयोगात ब्रिटिश साम्राज्य झेंड्यांच्या जोरावर उभे राहिल्याचे दाखवले आहे. एक इंग्रज झेंडा रोवून हिंदुस्थान आपला झाल्याचे जाहीर करतो. आम्ही पन्नास कोटी लोक इथे राहतो, असे तिथले लोक सांगतात, तर तो विचारतो की तुमच्याकडे झेंडा आहे का. अटकेपार झेंडे लावल्याच्या अभिमानावर वाढलेल्या मराठी माणसाला यातला चिमटा दोन्हीकडून बसतो. या प्रयोगाच्या चित्रीकरणाला २००० मध्ये अमेरिकन दूरचित्रवाणीचे दोन एमी पुरस्कार मिळाले, एक सादरीकरणासाठी आणि एक लेखनासाठी. लेखनाच्या पुरस्काराची गंमत अशी की इझार्ड संहिता लिहून काढत नाहीत. त्यांना वाचन-लेखनाची अडचण, म्हणजे डिस्लेक्सिया आहे. मजकूर रोज बोलून, चाचपडून, आडवळणे घेत प्रयोगागणिक घडत जातो. वाक्य मध्येच सोडणे, विनोद पडला तर तळहातावर काल्पनिक टीप लिहून घेणे, ही त्यांची लकब त्यातूनच आली.

हेच प्रयोग त्या फ्रेंच, जर्मन व स्पॅनिश भाषांतही करतात आणि भाषांतरात त्यांना थोरला भाऊ मार्क यांचे साहाय्य असते. भाषा बदलली तरी विनोद मरत नाही, प्रेक्षकाला संदर्भ मात्र ठाऊक हवेत, अशी त्यांची धारणा आहे.

रंगमंचाबाहेर त्यांनी २००९ मध्ये ५१ दिवसांत ४३ मॅरेथॉन धावून मदतनिधी उभा केला. २०१६ मध्ये नेल्सन मंडेला यांच्या तुरुंगवासाच्या २७ वर्षांची आठवण म्हणून त्या दक्षिण आफ्रिकेत २७ दिवसांत २७ मॅरेथॉन धावल्या. एक दिवस आजारपणात गेल्याने अखेरच्या दिवशी दोन पूर्ण कराव्या लागल्या. मजूर पक्षाकडून संसदेची उमेदवारी मिळवण्याचे त्यांचे प्रयत्न शेफील्ड व ब्रायटन येथे फसले.

अभिनयातही त्यांनी बरेच काम केले असून २००३ मध्ये न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे रंगभूमीवरील नाटकासाठी त्यांना टोनी या नाट्यपुरस्काराचे नामांकन होते. २०२४ मध्ये न्यूयॉर्कमध्ये त्यांनी ‘हॅम्लेट’ एकटीने सादर केले. तेवीस भूमिका करताना रोझेनक्रांट्झ व गिल्डनस्टर्न या जोडीसाठी त्यांनी वेगळी वेशभूषा केली नाही; स्वतःचे दोन्ही हात बाहुल्यांसारखे उचलून त्यांनाच बोलते केले.