अपिलासाठी वकीलपत्र: सही कुठे चुकते, तीस दिवस कुठून मोजायचे

दिवाणी दावा हरल्यावर लोक बिनधास्त असतात: "वकील तेच आहेत, सही आधीच दिलीय." दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ३, नियम ४ वकीलपत्र लेखी मागतो. खालच्या कोर्टातलं वकीलपत्र अपिलाला चालतं का, यावर वकील वाद घालू शकतात. पण तो फाइलिंगच्या खिडकीवर घालत बसलात तर दिवस तुमचे जातात. जिल्हा न्यायालयासाठी नव्याने सही करा.

फॉर्म भरणं, कोर्ट फी आणि वकील कल्याण निधीचं तिकीट लावणं पाच मिनिटांचं काम. घोळ होतो तो सहीपाशी. चार भावांच्या चार वेटोळ्या, कुठली कोणाची कळत नाही. प्रत्येक सहीला अनुक्रमांक द्या, खाली सुवाच्य पूर्ण नाव लिहा. वडील अज्ञान (म्हणजे अल्पवयीन) मुलांतर्फेही सही करत असतील तर "स्वतःकरिता व अज्ञान पालनकर्ता म्हणून" हे शब्द हवेत. सोसायटी असेल तर सही करणाऱ्याचं पद, शिक्का आणि ठरावाची प्रत. वकिलांनी वकीलपत्र स्वीकारल्याची सही हमखास राहते. चूक त्यांची, परत येते ती तुमची फाइल. असे दोष दुरुस्त करता येतात, त्यासाठी संधी द्यायला हवी, असं सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये उदय शंकर त्रियार प्रकरणात सांगितलंय. तरी हेलपाटे चुकत नाहीत.

मुलगा परदेशात आणि काका मुखत्यार, असं असेल तर मुखत्यारपत्रात अपील करण्याचा आणि वकील नेमण्याचा अधिकार स्पष्ट लिहिलेला आहे का, ते आधी पाहा. नुसतं "जमिनीची देखभाल" असेल तर भागत नाही. परदेशात केलेलं मुखत्यारपत्र महाराष्ट्रात पोहोचल्यापासून तीन महिन्यांत त्यावर मुद्रांक शुल्क भरावं लागतं. मुखत्यारपत्र देणारा वारला की ते संपलं.

एखादा भाऊ सहीच देत नाही? त्याच्या मनधरणीत मुदत घालवू नका. त्याला उत्तरवादी (अपिलातला समोरचा पक्ष) करून बाकीच्यांना अपील करता येतं.

आता मुदत. जिल्हा न्यायालयात ३० दिवस, उच्च न्यायालयात ९०. मोजायचे हुकूमनाम्याच्या (डिक्रीच्या), म्हणजे निकालाच्याच तारखेपासून, त्याची प्रमाणित नक्कल हातात पडल्यापासून नव्हे. नक्कल मिळवण्यात गेलेले दिवस वगळतात, पण कुठले? नकलेच्या मागच्या शिक्क्यात तीन तारखा असतात: अर्ज केला, तयार झाली, दिली. वगळायचे ते पहिल्या दोन तारखांमधले दिवस, त्या दोन्ही तारखा धरून. निकाल १ मार्चचा, अर्ज ११ मार्चला, नक्कल २५ मार्चला तयार, तुम्ही नेली ८ एप्रिलला; तर १५ दिवस वगळून मुदत १५ एप्रिलला संपते. बरेच जण ८ मे धरून बसतात. अर्जाआधी कोर्टाला हुकूमनामा तयार करायला लागलेले दिवसही वगळले जात नाहीत, म्हणून निकालाच्या दिवशीच नकलेचा अर्ज टाका. शेवटच्या दिवशी कोर्ट बंद असेल तर उघडेल त्या दिवशी दाखल करा. उशीर झालाच तर विलंब माफीचा अर्ज प्रतिज्ञापत्रासह अपिलासोबतच जोडा.

वकील बदलत असाल आणि आधीचे वकील फी बाकी आहे म्हणून फाइल देत नसतील, तर तसा हक्क वकिलाला नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००० मध्येच स्पष्ट केलंय. पण त्या भांडणात महिना घालवू नका. निकालाची प्रमाणित नक्कल कोर्टातून स्वतः काढा, अपील दाखल करा, फाइलचं नंतर बघता येईल.