म्युझिक व्हिडिओचा कॅमेरा आणि सिनेमाचा कॅमेरा

एखादा सिनेमा फार चकचकीत दिसला की ‘हा तर म्युझिक व्हिडिओच वाटतो’ असा शेरा आपण सहज मारून मोकळे होतो. म्हणजे झगमगाट व्हिडिओचा आणि साधेपणा सिनेमाचा, अशी वाटणी मनात पक्की असते. हॅरिस सव्हिडीस या अमेरिकन छायालेखकाचं काम पाहिलं की ती डळमळते. मॅडोनाचं ‘रेन’, आर.ई.एम. या बँडचं ‘एव्हरीबडी हर्ट्स’ आणि फिओना ॲपलचं ‘क्रिमिनल’ या तिन्ही व्हिडिओंसाठी त्याला छायांकनाचा एमटीव्ही पुरस्कार मिळाला. दिग्दर्शक गस व्हॅन सँटचा ‘एलिफंट’ आणि डेव्हिड फिंचरचा ‘झोडियॅक’ या सिनेमांचं छायांकनही त्याचंच.

खरा फरक आहे तो वेळेचा. व्हिडिओत गाणं आधीच तयार असतं. सेटवर ते स्पीकरवर वाजतं आणि गायक ओठ हलवतो. स्लो मोशन हवं असेल तर कॅमेरा सेकंदाला २४ ऐवजी ४८ फ्रेम्सनी चालवतात आणि गाणंही दुप्पट वेगाने लावतात. गायक बिचारा घाईघाईत गातो, पण तेच चित्रण नेहमीच्या २४ फ्रेम्सनी दाखवलं की पडद्यावर हालचाल संथ दिसते आणि ओठ मात्र शब्दांशी नेमके जुळतात. शूटिंग बहुधा एक-दोन दिवसांत आटोपतं. एका शॉटचा उजेड पुढच्याशी जुळला नाही तरी गाणं सांभाळून घेतं.

सिनेमात ही सवलत नाही. टेबलाशी बसून बोलणाऱ्या दोघांपैकी एकाचा क्लोजअप सकाळी घेतला आणि दुसऱ्याचा संध्याकाळी, तरी पडद्यावर वेळ एकच वाटली पाहिजे.

सव्हिडीसपुरतं बोलायचं तर ‘क्रिमिनल’ आणि ‘झोडियॅक’ शेजारी ठेवून पाहावेत. दोन्हींत सत्तरच्या दशकाचा वास आहे. ‘क्रिमिनल’मध्ये प्रकाश कॅमेऱ्याच्या जवळूनच थेट अंगावर येतो, हौशी माणसाने फ्लॅश मारून काढलेल्या फोटोसारखा. तिथे तो प्रकाश हाच विषय आहे, तो लक्षात यावा म्हणूनच लावलाय. ‘झोडियॅक’ची गोष्ट १९६९ मध्ये सुरू होते, आणि अडीच तासांहून मोठ्या त्या सिनेमात वर्तमानपत्राच्या कचेरीतला छतावरचा ट्यूबलाइटचा उजेड आपल्या ध्यानातही येत नाही. मला हे दुसरं काम अधिक अवघड वाटतं. पुरस्कार मात्र पहिल्यालाच लवकर मिळतात! गंमत म्हणजे हा सिनेमा बहुतांश डिजिटल कॅमेऱ्यावर झाला, पण खुनाच्या प्रसंगांतले स्लो मोशनचे शॉट्स फिल्मवर घेतले होते.

‘एलिफंट’ तर व्हिडिओच्या अगदी उलट टोकाला. शाळेच्या कॉरिडॉरमधून चालणाऱ्या मुलांच्या पाठीमागे कॅमेरा कितीतरी वेळ, न कापता, नुसता चालत राहतो. कट कुठे घ्यायचा हे सांगायला तिथे ठेका नाही. कान महोत्सवात २००३ साली याच सिनेमाला सर्वोच्च पुरस्कार, पाम दोर, मिळाला.

आपल्याकडचं चित्रपटगीत कुठे बसवायचं, हा प्रश्न उरतो. माझ्या मते ते कामाच्या पद्धतीने व्हिडिओच आहे: गाणं आधी तयार, सेटवर प्लेबॅक, आणि कडव्यागणिक गाव, ऋतू, कपडे बदलले तरी कुणी हिशेब मागत नाही. मात्र अंतरा संपून नायक घरी परतला की त्याच छायालेखकाला पुन्हा कालच्या खिडकीतला उजेड जुळवत बसावं लागतं.