इंटरनेट सुरक्षितता व माहितीचा खासगीपणा

इंटरनेट वापरताना आपले पैसे, ओळख, छायाचित्रे, पत्रव्यवहार आणि ठावठिकाणा परक्याच्या हाती पडू नये म्हणून घ्यायची खबरदारी म्हणजे इंटरनेट सुरक्षितता. यांपैकी कोणती माहिती कोणाला, कशासाठी आणि किती काळ द्यायची हे स्वतः ठरवण्याचा अधिकार म्हणजे माहितीचा खासगीपणा. बोलताना ही दोन वेगळी कामे समजली जातात, पहिले बँकेशी निगडित आणि दुसरे समाजमाध्यमांशी. प्रत्यक्षात ती एकच आहेत. खात्यातून पैसा जातो तो सर्वांत शेवटी. त्याच्या कितीतरी आधी माहिती गेलेली असते, आणि भामटा त्या माहितीच्या जोरावरच विश्वास कमावतो. प्रस्तुत नोंदीत नाशिक शहर व जिल्ह्यातील व्यवहार समोर ठेवून हा विषय मांडला आहे.

माहिती कुठून बाहेर जाते

निफाड किंवा दिंडोरीतल्या द्राक्ष बागायतदाराला फोन येतो. बोलणारा पूर्ण नाव, गाव, गट क्रमांक आणि क्षेत्र अचूक सांगतो आणि अनुदान अडकल्याचे कळवतो. एवढे सगळे ठाऊक आहे म्हणजे माणूस खात्याचाच, असे ऐकणाऱ्याला वाटते. पण सातबारा उतारा शासनाच्या महाभूमी संकेतस्थळावर कोणालाही पाहता येतो. मतदार यादीत नाव, वय आणि घर क्रमांक असतो. नोंदणी झालेल्या दस्ताची सूची क्रमांक दोन शोधता येते. या नोंदी खुल्या असण्यामागे रास्त कारणे आहेत, कारण जमिनीचे व्यवहार त्यांच्यावर चालतात. म्हणून त्या लपवण्याच्या मागे लागू नये, मात्र त्यांचा अर्थ नीट समजून घ्यावा. समोरच्याला आपली माहिती असणे हा त्याच्या ओळखीचा पुरावा नव्हे. बहुतेक फसवणूक याच एका चुकीच्या अनुमानावर उभी राहते.

आधारची झेरॉक्स ही दुसरी मोठी गळती. पंचवटीतील लॉज, सिमकार्डचे दुकान, भाडेकरार करून देणारा एजंट अशा प्रत्येकाकडे एक प्रत राहते आणि ती नंतर कुठे जाते हे कोणी पाहत नाही. जिथे फक्त ओळख दाखवायची असते तिथे झाकलेले, म्हणजे ‘मास्क्ड’ आधार द्यावे. त्यात पहिले आठ अंक झाकलेले असतात आणि शेवटचे चार दिसतात. आधार देणाऱ्या प्राधिकरणाच्या (यूआयडीएआय) संकेतस्थळावरून ते उतरवून घेता येते. कागदी प्रत द्यावीच लागली तर तिच्यावर आडवे ‘फक्त अमुक कामासाठी’ असे लिहून तारीख टाकावी. अक्षरे छापील मजकुरावरून गेली पाहिजेत. कोपऱ्यात लिहिलेले कापून टाकता येते.

आधारवर चालणाऱ्या बँक व्यवहाराला बँकेचे नाव, आधार क्रमांक आणि बोटाचा ठसा एवढेच लागते. ओटीपी लागत नाही. दस्तांवरचे ठसे उचलून, त्यांचे कृत्रिम साचे बनवून खाती रिकामी केल्याचे प्रकार देशात घडले आहेत. यावर उपाय म्हणजे आधारच्या अधिकृत ॲपमधून बायोमेट्रिक कुलूप लावणे, म्हणजे ठशाने ओळख पटवणे बंद ठेवणे. कुलूप असताना रेशन दुकानातील यंत्रावर अंगठा दिला तर ३३० क्रमांकाची त्रुटी येते. घाबरायचे कारण नाही. ॲपमधून कुलूप तात्पुरते उघडावे आणि धान्य घ्यावे.

मोबाइल क्रमांक बदलताना होणारी चूक सहसा लक्षात येत नाही. बंद केलेला क्रमांक साधारण ९० दिवसांनंतर दुसऱ्या ग्राहकाला दिला जाऊ शकतो. जुना क्रमांक बँक, आधार किंवा ईमेलला जोडलेला राहिला, तर ओटीपी त्या नव्या ग्राहकाकडे जातात. त्यामुळे आधी सगळीकडे क्रमांक बदलावा आणि मगच जुने सिम सोडावे. आपल्या नावावर किती सिम चालू आहेत हे दूरसंचार विभागाच्या संचार साथी पोर्टलवर पाहता येते. अनोळखी क्रमांक दिसला तर तिथेच ‘माझा नाही’ अशी नोंद करता येते.

पत्ता वाचण्याची रीत

२०२६-२७ च्या सिंहस्थानिमित्त नाशिक आणि त्र्यंबकेश्वरला निवास, वाहन, पूजा यांची आगाऊ नोंदणी होणार. अशा काळात खोटी संकेतस्थळे उभी राहतात, आणि शोधात सर्वांत वर दिसणारा दुवा पैसे मोजून दिलेली जाहिरात असू शकतो. पत्ता वाचताना पहिली एकेरी तिरकी रेघ येईपर्यंतचा भाग घ्यावा आणि तो उजवीकडून डावीकडे वाचावा. समजा, पत्ता ‘सिंहस्थ डॉट गव्ह डॉट इन डॉट अमुक डॉट टॉप’ असा आहे. वाचणाऱ्याची नजर ‘गव्ह डॉट इन’वर थबकते आणि त्याला ते सरकारी वाटते. शेवट मात्र ‘अमुक डॉट टॉप’ आहे, आणि मालक तोच. सरकारी पत्त्याचा शेवट ‘गव्ह डॉट इन’ किंवा ‘निक डॉट इन’ने होतो. बँकांसाठी रिझर्व्ह बँकेने ‘बँक डॉट इन’ हा राखीव शेवट ठरवून दिला आहे.

पत्त्याशेजारील कुलपाच्या चिन्हाचा अर्थ एवढाच की मधल्या वाटेत माहिती कोणी वाचू शकत नाही. पलीकडे बसलेला प्रामाणिक आहे, असे ते चिन्ह सांगत नाही. नाशिकरोड स्थानकावरच्या किंवा कॉलेज रोडवरच्या कॅफेतल्या मोफत वायफायचा धोकाही यामुळे पूर्वीइतका राहिलेला नाही. खरा धोका आहे तो तसेच नाव दिलेल्या खोट्या वायफायने उघडणाऱ्या ‘लॉगिन करा’ पानाचा. तिथे ईमेलचा पासवर्ड कधीही टाकू नये. बँकेच्या कामासाठी मोबाइल डेटा वापरावा.

एपीके फाइल

सध्याचा सर्वांत घातक प्रकार हाच, म्हणून तो टप्प्याटप्प्याने पाहणे गरजेचे आहे. व्हॉट्सॲपवर ‘आरटीओ चलान’, ‘लग्नपत्रिका’ किंवा ‘पीएम किसान यादी’ अशा नावाची फाइल येते. पाठवणारा ओळखीचा असतो, कारण त्याचा फोन आधीच बाधित झालेला असतो. नावाच्या शेवटी ‘डॉट एपीके’ असते. पत्रिका ही चित्र किंवा पीडीएफ असते. एपीके हे ॲप असते.

फाइलवर बोट ठेवले की अँड्रॉइड फोन आधी अडवतो आणि या मार्गाने ॲप बसवायला परवानगी नसल्याचे सांगतो. वापरणारा सेटिंग्जमध्ये जाऊन ती परवानगी देतो. मग ‘इन्स्टॉल’ येते, अनेकदा प्ले प्रोटेक्ट या गुगलच्या तपासणी सुविधेचा इशाराही येतो. पुढे ॲप एसएमएस वाचण्याची परवानगी मागते आणि शेवटी ‘ॲक्सेसिबिलिटी’ची. दृष्टिहीन व्यक्तींच्या सोयीसाठी केलेल्या या सुविधेत पडद्यावरचे सर्व वाचता येते आणि बटणेही दाबता येतात. परत फिरायला एवढ्या जागा मिळतात, पण घाईत माणूस सगळीकडे ‘अलाउ’ दाबत जातो. त्यानंतर ॲपचे चिन्ह गायब होते आणि ओटीपी परस्पर दुसरीकडे जाऊ लागतात.

असे झाल्यास फोन लगेच एअरप्लेन मोडवर टाकावा आणि दुसऱ्या फोनवरून बँकेला कळवून खाते, कार्ड व यूपीआय बंद करून घ्यावे. नुसता फोन बंद करून भागत नाही, कारण तोवर पासवर्ड गेलेले असू शकतात. नंतर सेटिंग्जमध्ये त्या ॲपचा ‘डिव्हाइस ॲडमिन’ आणि ‘ॲक्सेसिबिलिटी’ अधिकार काढावा व ॲप काढून टाकावे. निघत नसेल तर सेफ मोडमध्ये (बाहेरून बसवलेली ॲप बंद ठेवून फोन सुरू करून) प्रयत्न करावा, तरीही नाही तर फॅक्टरी रिसेट, म्हणजे फोनमधले सगळे पुसून तो नव्यासारखा करणे. पासवर्ड दुसऱ्या उपकरणावरूनच बदलावेत. बाधित फोनवर बदललेला पासवर्ड पुन्हा भामट्यालाच कळतो.

फोनवरून होणारी फसवणूक

देवळालीला तोफखान्याचे मोठे केंद्र असल्याने लष्करी बदल्या नाशिककरांच्या ओळखीच्या आहेत. ‘मी फौजी आहे, देवळालीला बदली झाली आहे, फ्लॅट भाड्याने हवा,’ हे सोंग म्हणूनच इथे सहज खपते. जाहिरात देणाऱ्या मालकाला गणवेशातला फोटो आणि कँटीनचे कार्ड येते. मग ‘डिपॉझिट पाठवतो, क्यूआर स्कॅन करा’. यूपीआयमध्ये पिन दोनच कामांना लागतो, पैसे देण्यासाठी आणि शिल्लक पाहण्यासाठी. पैसे घेताना ना पिन लागतो, ना स्कॅन करावे लागते. पैसे पाठवण्यापूर्वी पडद्यावर दिसणारे खातेदाराचे नाव वाचण्याची सवय लावावी. यूपीआयसाठी वेगळे बचत खाते उघडून त्यात महिन्याच्या खर्चापुरतेच पैसे ठेवले, तर नुकसानीला आपोआप मर्यादा पडते.

पोलीस असल्याचे भासवून ‘तुम्हाला डिजिटल अरेस्ट केली आहे, कॉलवरून हलू नका’ असे धमकावले जाते. ‘डिजिटल अरेस्ट’ नावाची तरतूद भारतीय कायद्यात नाही. व्हिडिओ कॉलवर कोणताही पोलीस किंवा न्यायाधीश अटक करीत नाही. असा कॉल तासन्‌तास चालू ठेवायला लावतात, कारण घरच्यांशी एक वाक्य जरी बोलले तरी सोंग उघडे पडते. फोन कापून शेजाऱ्याला हाक मारणे एवढे पुरेसे असते. ‘आज रात्री वीज तोडली जाईल’ या संदेशाचे तसेच. खासगी क्रमांकावरून आलेला असा संदेश खोटा समजावा आणि बिल महावितरणच्या स्वतःच्या ॲपवर पाहावे.

बँकांच्या सेवाविषयक कॉलसाठी १६०० ने सुरू होणारी आणि जाहिरातींसाठी १४० ने सुरू होणारी मालिका राखून ठेवली आहे. शाखेतला माणूस कधी दहा आकडी क्रमांकावरूनही बोलतो. अशा वेळी वाद न घालता फोन ठेवावा आणि कार्डामागचा किंवा पासबुकातला क्रमांक आपण होऊन लावावा.

खाती व फोन

सर्वांत आधी ईमेल सांभाळावा, कारण बाकीच्या बहुतेक खात्यांचे पासवर्ड त्याच्यावरून बदलता येतात. त्याला स्वतंत्र आणि लांब पासवर्ड हवा. एकमेकांशी संबंध नसलेले चार-पाच मराठी शब्द रोमन लिपीत सलग लिहिले तर लक्षात राहतात आणि यंत्राला ओळखायला अवघड जातात. जन्मसाल, गाडीचा क्रमांक, मुलांची नावे टाळावीत. दोन टप्प्यांच्या पडताळणीत, म्हणजे पासवर्डनंतर आणखी एक संकेत मागितला जातो तेव्हा, एसएमएसपेक्षा संकेत फोनवरच तयार करणारे ऑथेंटिकेटर ॲप बरे. त्याचा सहा आकडी संकेत ३० सेकंदांनी बदलतो आणि तो सिमवर अवलंबून नसतो. राखीव संकेत कागदावर लिहून घरात ठेवावेत. व्हॉट्सॲपला सहा आकडी पिन लावावा आणि ‘लिंक्ड डिव्हाइसेस’मध्ये अनोळखी संगणक जोडलेला नाही ना, हे अधूनमधून पाहावे.

सिम पिन, म्हणजे सिमकार्डालाच लावलेला पिन, बहुतेकांना माहीत नसतो. मेळा बसस्थानकाच्या गर्दीत फोन चोरीला गेला, तर चोराला पडद्याचे कुलूप उघडावे लागत नाही. तो सिम काढून दुसऱ्या फोनमध्ये घालतो आणि ओटीपी मिळवतो. सिमला पिन असेल तर तिथेच अडतो. पिन तीनदा चुकला की कंपनीकडून पीयूके, म्हणजे सिम पुन्हा उघडणारा संकेत, घ्यावा लागतो, तेव्हा लावताना नीट नोंद ठेवावी. कुलूपबंद पडद्यावर संदेशाचा मजकूर दिसणेही बंद करावे. *#०६# दाबून मिळणारा आयएमईआय, म्हणजे फोनचा स्वतःचा ओळख क्रमांक, आधीच लिहून ठेवला, तर चोरीनंतर पोलिसांतील तक्रारीची प्रत जोडून संचार साथीवरून तो फोन देशभर बंद करता येतो.

फोटोत टिपलेले ठिकाण व्हॉट्सॲपवर फोटो म्हणून पाठवताना निघून जाते. तोच फोटो ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवला तर राहते.

फसवणूक झाल्यावर

पहिला फोन १९३० या राष्ट्रीय मदतक्रमांकावर. हाताशी यूटीआर, म्हणजे व्यवहाराचा ओळख क्रमांक (यूपीआयमध्ये तो १२ आकडी असतो), वेळ, रक्कम आणि आपला खाते क्रमांक असावा. तक्रार नोंदली की संदेश पैसा गेलेल्या बँकेपर्यंत पोहोचतो आणि तिथे शिल्लक असलेली रक्कम अडवली जाते. भामटे ती काही मिनिटांत पुढच्या खात्यांत पसरवतात, त्यामुळे आधी नातेवाइकांना विचारण्यात घालवलेला अर्धा तास फार महागात पडतो. सायबरक्राइम डॉट गव्ह डॉट इन या पोर्टलवर लेखी तक्रारही करावी आणि चॅट, क्रमांक, पावत्या यांचे स्क्रीनशॉट ठेवावेत. चॅट पुसू नये.

नाशिक शहर आयुक्तालय आणि नाशिक ग्रामीण यांची हद्द वेगळी आहे. सातपूर, अंबड, नाशिकरोड शहरात येतात, तर सिन्नर, निफाड, मालेगाव ग्रामीणमध्ये. हद्दीचे कारण सांगून परत पाठवले तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ मधील ‘शून्य एफआयआर’ची, म्हणजे हद्द कोणतीही असली तरी तक्रार नोंदवून घेण्याची, तरतूद दाखवावी. दुसऱ्याची ओळख किंवा पासवर्ड वापरणे माहिती तंत्रज्ञान अधिनियम, २००० च्या कलम ६६-सी खाली, तर तोतयेगिरीने फसवणे ६६-डी खाली येते. दोन्हींना तीन वर्षांपर्यंत कैद आहे.

रिझर्व्ह बँकेने ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकात ठरवलेल्या नियमानुसार, ग्राहकाचा किंवा बँकेचा दोष नसताना झालेला व्यवहार तीन कामकाजाच्या दिवसांत कळवला तर ग्राहकावर भार येत नाही. चार ते सात कामकाजाच्या दिवसांत कळवला तर नेहमीच्या बचत खात्याला १०,००० रुपयांपर्यंत भार येतो. ओटीपी स्वतः सांगितला असेल तर कळवण्यापूर्वीचे नुकसान ग्राहकाचे, पण कळवल्यानंतरचे बँकेचे. म्हणजे चूक आपली असली तरी लाजेने गप्प बसण्यात तोटाच आहे. बँकेने ३० दिवसांत दाद दिली नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येते. त्यासाठी शुल्क नाही. ‘बुडालेले पैसे काढून देतो’ म्हणत आगाऊ रक्कम मागणारे हे फसवणुकीचेच पुढचे पाऊल असते.

याची दुसरी बाजूही आहे. चोरीचा पैसा फिरवण्यासाठी विद्यार्थ्यांकडून खाती ‘भाड्याने’ घेतली जातात. हजार-दोन हजारांसाठी एटीएम कार्ड आणि सिम देणारा खातेदारच तपासात आरोपी म्हणून पहिला सापडतो. उलट, लासलगावच्या कांदा व्यापाऱ्याच्या खात्यात नकळत असा पैसा आला तर त्याचेही खाते गोठू शकते. अशा वेळी बँकेकडून तक्रार क्रमांक आणि तपास करणाऱ्या पोलीस ठाण्याचे नाव लेखी घ्यावे आणि काटापट्टी, हिशेबपट्टी, वाहतुकीची पावती यांच्या प्रती त्या ठाण्याला पाठवाव्यात. संपूर्ण खाते न गोठवता फक्त वादातली रक्कम रोखावी, अशी मागणी त्याच अर्जात करावी.