वाढीव मोबदल्याचा निकाल हातात, पैसे मात्र नाहीत: दरखास्त कशी लावायची?

न्यायालयाने संपादित जमिनीचा मोबदला वाढवून दिला की रक्कम आपोआप खात्यावर येते, असा समज अनेकांचा असतो. तसे होत नाही. 1894 च्या भूसंपादन कायद्याखालच्या संदर्भ प्रकरणातला, म्हणजे मोबदला वाढवण्यासाठी न्यायालयात गेलेल्या प्रकरणातला, निवाडा दिवाणी हुकूमनाम्यासारखाच (डिक्री) असतो, आणि सरकारने पैसे भरले नाहीत तर वसुलीसाठी स्वतंत्र दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, लावावी लागते. 2013 च्या नव्या भूसंपादन कायद्याखालच्या प्राधिकरणाच्या निवाड्यालाही हुकूमनाम्याचा दर्जा आहे.

निवाड्यानंतर तीन महिने सरकारला मुदत असते (दिवाणी प्रक्रिया संहिता, कलम 82). ती संपली की थांबू नका. दरखास्तीची कमाल मुदत 12 वर्षे असली तरी दोन वर्षे उलटल्यावर न्यायालयाला आधी सरकारच्या नावे नोटीस काढावी लागते, आणि त्या नोटिशीच्या बजावणीतच कित्येक तारखा जातात.

निवाडा ज्यांच्या नावावर आहे ते किंवा त्यांचे वारस दरखास्त लावू शकतात. भाऊ परगावी आहे, बहीण सही द्यायला येत नाही, म्हणून अडून राहू नका; सामाईक निवाड्यात एक जणही सर्वांच्या हितासाठी अर्ज करू शकतो. दरखास्त चालू असताना मूळ शेतकरी वारला तरी ती आपोआप संपत नाही. वारसांनी आपली नावे लावून घ्यावीत.

निवाड्याची व हुकूमनाम्याची सही-शिक्क्याची नक्कल, वकीलपत्र, आधार, पॅन, बँक पासबुक, वारस असतील तर वारसाचा पुरावा आणि फेरफार, आधी काही रक्कम मिळाली असेल तर तिचा तपशील, एवढी कागदपत्रे लागतात. निवाड्यात संपादन संस्था (जिच्यासाठी जमीन घेतली ती) पक्षकार असेल तर तिचे नाव घालायला विसरू नका. नाहीतर भूसंपादन कार्यालय संस्थेकडे बोट दाखवते, संस्था कार्यालयाकडे, आणि शेतकरी मध्ये अडकतो.

खरा जीव हिशेबाच्या तक्त्यात आहे. जुन्या कायद्याच्या प्रकरणात वाढीव बाजारभाव, त्यावर कलम 4 च्या (संपादनाचा इरादा जाहीर करणाऱ्या) अधिसूचनेपासून ताबा किंवा भूसंपादन अधिकाऱ्याचा मूळ निवाडा यांपैकी आधीच्या तारखेपर्यंत वार्षिक 12 टक्के, शिवाय जमीन सक्तीने घेतल्याबद्दलची 30 टक्के दिलासा रक्कम (सोलेशियम). वाढीव रकमेवर ताब्यापासून पहिले वर्ष 9 टक्के आणि पुढे 15 टक्के व्याज. दिलासा रकमेवरही व्याज मिळते, हे सर्वोच्च न्यायालयाने 2001 साली ठरवले आहे. तरीही हा भाग सुटलेले तक्ते मी पाहिले आहेत, आणि तिथे मोठी रक्कम हातची जाते. प्रत्येक ओळीपुढे तारीख लिहा. तक्ता गोंधळाचा असला की सरकारी पक्ष हरकत घेतो आणि हिशेब तपासण्यातच महिने निघून जातात.

‘वर अपील आहे’ एवढ्याच कारणावर वसुली थांबत नाही. स्थगितीचा आदेश लेखी असावा लागतो. उच्च न्यायालय बहुधा रक्कम जमा करण्याच्या अटीवर स्थगिती देते. रक्कम जमा झाली की ती काढण्यासाठी लगेच अर्ज करा. हमी घेऊन किंवा विनाहमी परवानगी मिळू शकते. सरकारने अट पाळली नसेल, तर ते दरखास्त न्यायालयाच्या लेखी निदर्शनास आणा. मग बँक खाते किंवा कार्यालयीन मालमत्तेच्या जप्तीचा अर्ज करता येतो. बेलिफ गाड्या आणि खुर्च्या जप्त करायला आला की वर्षानुवर्षे न सापडलेला निधी सापडतो, हे महाराष्ट्राने अनेकदा पाहिले आहे.

दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढावी, असे सर्वोच्च न्यायालयाने 2021 मध्ये सांगितले आणि मार्च 2025 मध्ये पुन्हा बजावले. त्याच वर्षी देशभरात 8 लाख 82 हजारांहून अधिक दरखास्ती प्रलंबित असल्याचे त्याच्यासमोर आले. म्हणून सहा महिने उलटताच या निर्देशांचा हवाला देऊन लवकर सुनावणीचा अर्ज द्या. तारखा ई-कोर्ट्स ॲपवर प्रकरणाच्या सीएनआर या स्वतंत्र क्रमांकाने पाहता येतात. वकिलाचा खर्च झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा; महिला आणि अनुसूचित जाती-जमातींच्या पक्षकारांना तिथे उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो.

रक्कम जमा झाल्याची नोटीस तुम्हाला मिळाली की तेवढ्या रकमेवरचे व्याज थांबते, म्हणून ती पडून ठेवू नका. मात्र ‘संपूर्ण वसुली झाली’ अशी पुरसीस (न्यायालयाला द्यायचे लेखी निवेदन) देण्याआधी तोपर्यंतचे व्याज पुन्हा मोजा. कमी भरले असेल तर मिळाली तेवढीच रक्कम पुरसीसमध्ये लिहा आणि बाकीसाठी दरखास्त चालू ठेवा.