बालश्रमावरील माहितीपट (कोल्हापूर)

मुलांची राबणूक आणि तिच्यामागचा अन्याय प्रत्यक्ष जागी जाऊन टिपणारा चित्रपट. कोल्हापूर परिसरात त्याचा विषय मुख्यतः दोन ठिकाणी भेटतो : उसाच्या फडात आणि वीटभट्टीवर. दोन्हीकडे मुळाशी असते ती उचल, म्हणजे कामाआधी आगाऊ घेतलेली रक्कम.

गळीत हंगाम सुरू झाला की बीडकडच्या ऊसतोड मजुरांच्या टोळ्या करवीर, कागल, शिरोळ भागांत उतरतात. नवरा-बायकोच्या जोडीला ‘कोयता’ म्हणतात. मुकादमाकडून, म्हणजे टोळी आणणाऱ्या मध्यस्थाकडून, घेतलेली उचल ऊस तोडून फेडायची, मजुरी टनावर. पोरांचे नाव या हिशेबात कुठेच नसते. पण पहाटे आईबाप फडात गेले की आठ-नऊ वर्षांची मुलगी भावाला कडेवर घेऊन खोपीपुढची चूल पेटवते, पाणी भरते, वाढ्यांची (उसाच्या हिरव्या शेंड्यांची) पेंडी डोक्यावर आणते. वीटभट्टीवर ओल्या विटा वाळण्यासाठी उलटायचे काम मुलांकडे येते, कारण त्यांच्या वजनाने विटा मोडत नाहीत. हे कारण भट्टीवर सहज सांगितले जाते. माहितीपटात ते सांगणाऱ्याच्याच आवाजात यावे, त्यावर निवेदन नको.

कर्जाने माणूस कसा बांधला जातो, हे कोल्हापूरच्या कॅमेऱ्याने फार पूर्वी पाहिले आहे. बाबूराव पेंटर यांचा ‘सावकारी पाश’ हा मूकपट १९२५चा. तो कथापट असला, तरी सावकारामुळे जमिनीला मुकलेला शेतकरी त्यात होता. ती भूमिका व्ही. शांताराम यांनी केली. त्याआधी १९१७ मध्ये शाहू महाराजांनी संस्थानात प्राथमिक शिक्षण मोफत व सक्तीचे केले आणि मुलाला शाळेत न धाडणाऱ्या पालकाला दरमहा एक रुपया दंड ठेवला. त्याच मातीत आज हंगामाबरोबर शाळा सुटते, ही गोष्ट मनाला लागते.

बालकामगारविषयक कायदा १९८६चा. २०१६च्या दुरुस्तीने चौदा वर्षांखालील मुलांना कामावर ठेवण्यास सर्वत्र बंदी आली. मात्र शाळेच्या वेळेनंतर व सुट्टीत घरच्या धंद्यात हातभार लावण्याची सवलत राहिली आणि फडातले पोर नेमके याच फटीत सापडते. बाल न्याय अधिनियम, २०१५ नुसार बेकायदा कामावर ठेवलेले मूल ‘काळजी व संरक्षणाची गरज असलेले’ ठरते. कलम ७४ प्रमाणे अशा मुलाचे नाव, पत्ता, शाळा किंवा छायाचित्र यांतून ओळख उघड करता येत नाही. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. म्हणून चित्रण पाठमोरे, हातापायांचे किंवा सावलीचे होते. त्याने चित्रपट दुबळा होत नाही. विटेच्या मातीने भेगाळलेली बोटे जवळून दाखवली की चेहऱ्याची उणीव भासत नाही.

खरी अडचण संमतीची. मुकादमासमोर आईबाप ‘घ्या की शूटिंग’ म्हणतात. पण चित्रण करणारे संध्याकाळी निघून जातात आणि टोळीला तिथेच राहायचे असते. त्यामुळे कॅमेरा न काढता आधी काही दिवस खोपीवर जाऊन बसणे हा कामाचाच भाग आहे. रडते मूल दाखवून थांबणारा माहितीपट मुकादमाची वही मात्र झाकलेलीच ठेवतो. उचल किती, फिटली किती, पुढच्या वर्षाला बाकी किती, हे आकडे आईबापांकडून वदवून घ्यावे लागतात. शिवाय हंगामात निम्मेच चित्रण होते. उरलेले पाऊस लागल्यावर त्यांच्या गावी जाऊन करायचे असते. मुलगी वर्गात परत बसली का, हे तिथेच दिसते.