प्रबोधनाचा चित्रपट आणि तिकिटाचा जुना वाद

सातारा-सांगलीकडचा एखादा कलाकार मन घडवण्याचा, आत्मविकासाचा विचार घेऊन चित्रपट काढायला निघाला की ‘हे काय नवीन खूळ’ असं हमखास ऐकू येतं. यात नवीन फारसं काही नाही. १८४३ साली सांगलीच्या राजांच्या आश्रयाने विष्णुदास भाव्यांच्या ‘सीतास्वयंवर’ नाटकाचा खेळ झाला. १९१३ चा भारतातला पहिला मूकपटही हरिश्चंद्राच्या सत्त्वपरीक्षेचाच.

वळण आलं १९३६ च्या ‘संत तुकाराम’ या बोलपटाने. नाटकांत स्त्रीभूमिका करणारे गायक-नट विष्णुपंत पागनीस तुकाराम झाले, चित्रपट मुंबईत वर्षभराहून जास्त चालला, व्हेनिसला नावाजला गेला. पण अभंगांबरोबर वैकुंठाचं विमानही लोकांच्या मनात बसलं. नारदीय कीर्तनात पूर्वरंगात निरूपण, म्हणजे विचार उलगडून सांगणं, आणि उत्तररंगात आख्यान, म्हणजे गोष्ट असते. पुढच्या बहुतेक संतपटांनी आख्यान तेवढं उचललं. बुवा आपल्या रागलोभावर नेमकं बोट ठेवतात तो पूर्वरंग मागेच राहिला.

१९७७ मध्ये गाडगेबाबा पडद्यावर आले. भूमिका केली ती साताऱ्यात जन्मलेल्या, पुढे देवालाच निवृत्त करा म्हणणाऱ्या डॉ. श्रीराम लागूंनी. नास्तिकाने संत रंगवावा का, असं विचारणाऱ्यांनी बाबांचं कीर्तन ऐकलेलं नसावं. दिवसा हातात खराटा, रात्री समोरच्यांना उलटे प्रश्न. बाबांचं अख्खं कीर्तन म्हणजे पूर्वरंगच.

खरा गुंता पैशाचा. जिथे कीर्तन करावं तिथे अन्नही घेऊ नये, असं तुकोबांनी बजावलं. बाबांनीही ते पाळलं. याच्या आधारावर काही मंडळी म्हणतात, अध्यात्म सांगायचं तर तिकीट कशाला? त्यांतलेच कित्येक सप्ताहातल्या नामवंत बुवांची बिदागी आधी ठरवून घेतात, हे सोडून देऊ. चित्रपटाला कॅमेरा लागतो, संकलन लागतं, प्रमाणपत्राचं शुल्क भरावं लागतं, आणि कर्ज काढलं असेल तर हप्ताही थांबत नाही. तिकीट घेणाऱ्याला आत काय मिळणार ते आधी ठाऊक असतं, त्यामुळे त्यात लबाडी नाही.

डिजिटल कॅमेऱ्यानंतर हा वाद आणखी चिघळला. आता असा चित्रपट थिएटरची वाट बघत बसत नाही. मंगल कार्यालयात पांढरा पडदा, मागे प्रोजेक्टर, खिडक्यांना काळं कापड, पुढे सतरंजीवर बायका-पोरं. खेळ संपला की कलाकार स्वतः माईक घेतो आणि लोकांच्या शंकांना उत्तरं देतो. हरवलेला पूर्वरंग असा मागच्या दाराने परत आला, हे चांगलंच झालं. मात्र काही ठिकाणी प्रवेश फुकट असतो आणि शंकासमाधान संपता संपता हजारोंच्या शिबिराचे फॉर्म फिरू लागतात. तिकिटावर तुटून पडणारे या फॉर्मांबद्दल सहसा बोलत नाहीत.