पोल्युशनच्या संमतीचा वाद : बेळगाव सीमाभागातल्या छोट्या खाद्य उद्योगांनी दाद कुठे मागायची?

बेळगावातली चिरमुऱ्याची भट्टी असो, संकेश्वरातलं मिरची कांडप असो की खानापुरातली बेकरी, धुराची किंवा सांडपाण्याची तक्रार गेली की पहिली विचारणा होते ती पोल्युशनच्या संमतीची. तिथे एफएसएसएआयचं, म्हणजे अन्न सुरक्षेचं, लायसन्स किंवा पंचायतीचा परवाना दाखवून भागत नाही. १९७४ चा जल कायदा आणि १९८१ चा वायू कायदा यांखाली संमती देतं ते कर्नाटक राज्य प्रदूषण नियंत्रण मंडळ. उभारणीआधी एक, उत्पादन सुरू करण्याआधी दुसरी.

ऑनलाइन अर्जासोबत जागेचा उतारा किंवा भाडेकरार, नकाशा, लघुउद्योगाची उद्यम नोंदणी आणि गुंतवणुकीचा सीएचा दाखला तयार ठेवा. फी गुंतवणुकीवर ठरते. पाणी कुठून येतं, सांडपाणी कुठे जातं, जळण कोणतं, चिमणी किती उंच, हेही लिहावं लागतं. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या २०१६ च्या वर्गवारीत २० एचपीपर्यंतच्या मोटरचं मसाला कांडप कमी प्रदूषणाच्या हिरव्या प्रवर्गात होतं, त्यावरचं त्याहून जास्त प्रदूषणाच्या नारिंगीत. सध्याची यादी पाहूनच प्रवर्ग भरा. अर्जात एचपीचा आकडा एक आणि वीज कंपनी हेस्कॉमच्या बिलावर मंजूर भार दुसराच, असं असेल तर तपासणीत बोट नेमकं तिथेच ठेवलं जाणार.

परिपूर्ण अर्ज देऊन ४ महिने झाले आणि मंडळाने होय-नाही काहीच कळवलं नाही, तर जल कायद्याखालची संमती मिळाली असं धरलं जातं. वायू कायद्यात मात्र ही सोय नाही, हे बरेच सल्लागार सांगत नाहीत. हे ४ महिने मोजता यावेत म्हणून अर्जाची पोचपावती सांभाळा.

संमती नाकारली, किंवा जाचक अटी घातल्या, तर आदेश हाती पडल्यापासून ३० दिवसांत राज्याच्या अपील प्राधिकरणाकडे जायचं. उशिराचं सबळ कारण पटलं तर ते अपील घेतात. आदेश आलेलं पाकीट फेकू नका, त्यावरचा टपालाचा शिक्का तारखेचा पुरावा असतो. प्राधिकरणाचा निकाल विरोधात गेला, किंवा जल कायद्याच्या कलम ३३-अ खाली थेट भट्टी बंद करायचा आदेश आला, तर दार राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाचं, म्हणजे पर्यावरणाच्या वादांसाठीच्या खास न्यायाधिकरणाचं. मुदत ३० दिवस, कारण पटलं तर आणखी ६० पर्यंत. त्यानंतर एक दिवसही नाही.

निपाणीकरांना पुणे जवळ, आणि महाराष्ट्रातल्या कागलचा कारखानदार न्यायाधिकरणाच्या पुण्याच्याच खंडपीठापुढे जातो. पण कर्नाटकाची प्रकरणं चेन्नईच्या दक्षिण खंडपीठाकडे आहेत. ई-फायलिंग होतं, सुनावणीही व्हिडिओवरून होऊ शकते. कन्नड आदेशाला इंग्रजी भाषांतर जोडा.

दिवाणी कोर्टात स्टे मागायला धावणारे अजूनही भेटतात. या अपिलांचे विषय तिथे चालत नाहीत. उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठात रिट करता येते, पण अपिलाची वाट सोडून का आलात, हे आधी विचारलं जातं. बाजू न ऐकताच आदेश काढला असेल, तर तिथे सांगण्यासारखं काही असतं.

तक्रारदार शेजारीही न्यायाधिकरणात जाऊ शकतो. त्याला वादाचं कारण पहिल्यांदा घडल्यापासून ६ महिने मिळतात.